चपला सरळ करणारा माणूस

१२ ऑगस्ट

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र आणि स्वेटर दोन्ही पोचलं. स्वेटरच्या मापावरून दिसतं की तू मला अजून कॉलेजात जाणारा पोरगाच समजतेस. पण पोट आत घेतलं की बटणं लागतात, त्यामुळे तक्रार नाही. खोकला गेला. तुझ्या डोळ्यांचं काय? औषध घालतेस की बाटली नुसती शोभेला ठेवली आहेस?

कामाची बातमी अशी की गेल्या महिन्यात मला फाशी झाली, त्याआधी पोलिसांच्या गोळीने मेलो, आणि परवा एका म्हातारीला गच्चीवरून ढकलून पळताना पकडला गेलो. म्हातारीचं काम करणाऱ्या बाई इतक्या गोड की मधल्या सुट्टीत मलाच स्वतःच्या डब्यातलं खायला घालत होत्या. गुन्हेगारी मालिकांत इतकी वर्षं काढल्यावर लोकांच्या मनात मी पक्का बसलो आहे. न्हावी वस्तरा माझ्यापासून लांबच्या बाजूला ठेवतो. बसमध्ये एक बाई माझ्या शेजारून उठल्या आणि दुसरी जागा नसताना शेवटपर्यंत उभ्या राहिल्या. नायक व्हायचं वय गेलं, इन्स्पेक्टर व्हायला उंची कमी पडते, म्हणून खुनी. अंधारात तुझा हात धरल्याशिवाय जिना न उतरणारा मी! तू मला अजून भित्रोबा म्हणतेस हे इथे कोणाला कळलं तर माझं पोट कसं भरायचं?

आता मुद्द्याचं. दोन भागांची नवी कथा आली आहे. खरी घडलेली आहे म्हणतात, पण लेखकाने कोर्टाच्या धास्तीने गाव, नावं, पेशा सगळं बदलून टाकलंय. एकटी राहणारी चित्रकलेची शिक्षिका घरात मेलेली सापडते. कोणी मारलं ते आजवर कळलेलं नाही, आणि कळलेलं नाही म्हणून खुन्याचा चेहरा दाखवायचा नाही. नुसती पाठ, हात आणि पाय. दिग्दर्शक म्हणाला, तुमच्याइतकी बोलकी पाठ दुसऱ्या कोणाची नाही. यात कौतुक किती आणि चेष्टा किती ते त्यालाच ठाऊक.

तेव्हा ताई, मीठ पाठव. वाक्यं लेखक लिहितो, कपडे कपडेवाला देतो, पण प्रत्येक कामात तू शोधून दिलेली एक लकब घालायची हा आपला शिरस्ता मोडायचा नाही. विष घालणाऱ्या डॉक्टरचं उलट्या हाताने चष्मा पुसणं तुझं, त्या मुनीमाचं बोलण्याआधी पेनाचं टोपण लावणं तुझं. तू आवाज बंद ठेवून मालिका बघतेस, म्हणून मीही तुझ्यासाठी तोंड न उघडता काम करतो. या वेळी तर तोंडच नाही. लवकर कळव.

लोभ आहे तेवढाच जपून ठेव, वाढवलास तर माझ्या या खोलीत मावायचा नाही.

तुझा,
भित्रोबा


१९ ऑगस्ट

चि. भित्रोबास,
अ. उ. आ.

बटणं लागत नसतील तर जेवण कमी कर, लोकरीला दोष देऊ नकोस. डोळे बरे आहेत. औषध घालते. रफूचं काम भरपूर आहे. दिवसभर खिडकीशी बसायचं, उजेड असेतो टाके घालायचे आणि मान अवघडली की रस्ता बघायचा, हा माझा कार्यक्रम तुला पाठ आहेच. खालचे दुकानदार लेकीच्या बाळंतपणासाठी जायच्या तयारीत आहेत. ते गेले की या इमारतीत मी आणि वरच्या मजल्यावरची कबुतरं. त्यांच्या आवाजाचा मला त्रास नाही, एवढं एक बरं.

तू बसवून दिलेली दाराची दोरी मागे तुटली होती, नवी लावून घेतली. आता गिऱ्हाइकाने बाहेरून ओढली की आतला दिवा लागतो. एक बाई दोरीला अशा काही लोंबकळतात की त्यांना वाटतं दिवा नाही, घंटा आहे आणि ती मला ऐकू जाईल. मागच्या खेपेला तू आलास तेव्हा ठरल्याप्रमाणे तिसऱ्यांदा दोरी ओढायच्या आतच मी ओळखलं होतं, आणि तू म्हणालास की मी खिडकीतून बघितलं असणार. बघितलं नव्हतं.

आता तुझं मीठ. समोरच्या घरात व्हायोलिन शिकवणाऱ्या बाई राहायच्या, आठवतात? त्या होत्या तेव्हाची गोष्ट. एकदा भर दुपारी, रस्त्यावर चिटपाखरू नसताना, त्यांच्या दारातून एक माणूस बाहेर आला. नीटनेटका, अंगात कोट. पायऱ्या उतरला, थबकला आणि परत वर गेला. मला वाटलं काही विसरला. तर तो दाराशी वाकला. बाईंच्या चपला तिथे अस्ताव्यस्त पडल्या होत्या. त्याने दोन्ही उचलल्या, टाचा भिंतीला लागतील अशा अगदी समांतर ठेवल्या आणि वरून हळूच थोपटल्या. मग कोपराने दार ओढून घेतलं आणि रमतगमत निघून गेला. कोणी नातेवाईक असेल. पण त्या थोपटण्याने मला कसंसंच झालं होतं, आणि ते अजून विसरलेलं नाही. तुझ्या बोलक्या पाठीला हे शोभेल असं वाटतं.

करून बघ आणि कसं झालं ते कळव. आणि रोज चालायला जा.

लोभ आहेच, तो मागायला लागत नाही.

तुझी,
ताई


१७ ऑक्टोबर

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

परवा दुसरा भाग दाखवला. बघितलास ना? तुझ्या मिठाने बाजी मारली! चपला सरळ करून थोपटल्या तेव्हा सेटवरचे सगळे हातातलं काम टाकून बघत राहिले. मेकअपवाली मुलगी म्हणाली की इतके दिवस तिला माझी गंमत वाटायची, आज भीती वाटली. दिग्दर्शकाने तो प्रसंग शेवटी नेऊन ठेवला. काल दिवसभर स्टुडिओत जो भेटेल तो माझ्या पाठीचं कौतुक करत होता. आयुष्यभर तोंड रंगवलं आणि नाव काढलं पाठीने.

आणखी एक गंमत. काल संध्याकाळी फाटकाबाहेर एक गृहस्थ माझी वाट बघत उभे होते. पिकलेले केस, कोटाला एक सुरकुती नाही, बोलणं मऊ. सही मागतील म्हणून मी पेन काढलं, तर त्यांनी फार अदबीने विचारलं की चपलांचा प्रसंग लेखकाने लिहिला होता का. मी म्हटलं, छे, लेखकाला कुठून सुचणार. मग कोणाला सुचला? आता मला एवढं कोणी हरभऱ्याच्या झाडावर चढवल्यावर मी थांबतो होय! तुझं सगळं पुराण सांगितलं. ऐकू येत नाही पण नजरेतून माशी सुटत नाही, खिडकीशी बसून रफू करता करता माणसं वाचते, मला मीठ पाठवते. हे चपलांचं तिने खरोखर पाहिलं होतं का, असं त्यांनी विचारलं. मी म्हटलं, आमची ताई पाहिल्याशिवाय काही सांगतच नाही. दाराला घंटा नाही, दोरी आणि दिवा आहे, आणि मी आलो की तीनदा ओढतो, म्हणजे तिला कळतं भित्रोबा आला, हेही सांगून टाकलं. फार हसले.

मग म्हणाले, त्यांच्या एका जुन्या कोटाला कसर लागली आहे, चांगलं रफू करणारं कोणी मिळत नाही. मी लगेच तुझा पत्ता लिहून दिला. बघ, घरबसल्या गिऱ्हाईक पाठवलंय. या बदल्यात पुढचा स्वेटर एक माप मोठा विण.

लोभाचं गाठोडं घट्ट बांधून ठेव, दिवाळखोर झालो की न्यायला येईन.

तुझा,
भित्रोबा


१७ ऑक्टोबर

चि. भित्रोबास,
अ. उ. आ.

काल रात्रीपर्यंत थांबले, म्हटलं मन शांत झालं की लिहू. झालं नाही, म्हणून आता लिहिते.

तुझी मालिका बघितली. तू काम चांगलं केलंस, ते आधी सांगते म्हणजे तुझा जीव भांड्यात पडेल. पण अरे, ती खोली! तुमच्या लोकांनी ती खोली कुठून आणली? लंबकाचं बंद घड्याळ, त्याच्याखाली उतरलेला ओलीचा डाग, दाराची एक झडप रंगवलेली आणि दुसरी तशीच राहिलेली. ती समोरच्या बाईंची खोली आहे. मी तिथे जाऊन त्यांचे पडदे शिवून दिले होते. व्हायोलिन काढून तिथे रंगाच्या बाटल्या ठेवल्या म्हणून मला कळणार नाही का? तुमची चित्रकलेची शिक्षिका म्हणजे त्याच. आणि त्या दारातून तू पाठमोरा बाहेर आलास, वाकलास, चपला थोपटल्यास. माझ्या हातातलं काम गळून पडलं.

तुला सगळं सांगायला हवं. तेव्हा पत्रात एवढंच लिहिलं होतं की बाई गेल्या, घरात चोर शिरला. तू नाटकाच्या दौऱ्यावर होतास. तो माणूस मी दुपारी पाहिला आणि बाई दुसऱ्या दिवशी सकाळी सापडल्या. पोलीस घरोघर फिरले. पलीकडच्या बाईंनी रात्री किंकाळी ऐकली होती, म्हणून सगळ्यांनी धरून चालवलं की जे झालं ते रात्री झालं. त्या कौलांवर मांजरं भांडतात. मी रोज बघते त्यांना तोंडं वासलेली, पण किंकाळी ऐकलेल्या बाईंना कोण समजावणार? हवालदार माझ्याकडेही आला. त्याने एकच प्रश्न विचारला, काही ऐकलंत का. मी कानाला हात लावून दाखवला. त्याने वहीत खूण केली आणि वळला. मी त्याची बाही धरून दुपारच्या माणसाचं सांगायला लागले, तर त्याने माझ्या खांद्यावर दयेने थोपटलं आणि जिना उतरला. पुढे मलाही वाटायला लागलं की नातेवाईकच असेल, उगाच कशाला कोणाचं नाव खराब करा. आता तसं वाटत नाही.

तू लेखकाला विचार आणि मला लगेच कळव. आणि हे मीठ मी दिलं, हे कोणाजवळ बोलू नकोस. का ते सांगता येत नाही.

जपून राहा.

तुझी,
ताई


२२ ऑक्टोबर

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

हे पत्र जलद टपालाने विमानाने पाठवतो आहे, उद्या मिळेल. पुढचं वाचण्याआधी दाराला कडी लाव.

आपली पत्रं वाटेत एकमेकांना चुकली. तुझं आज दुपारी हातात पडलं. तसाच लेखकाच्या घरी गेलो. प्रकरण आपल्याच गल्लीतलं आहे, खोलीचे फोटो त्याला पोलिसांच्या जुन्या कागदांतून मिळाले. मी विचारलं, चपलांचं त्यात काही आहे का. त्याने फोटो काढून दाखवला. दारातल्या चपला टाचा भिंतीला लावून समांतर ठेवलेल्या. पोलिसांनी त्याकडे लक्षच दिलं नव्हतं, त्यानेही नव्हतं दिलं. ताई, हे जगात दोनच माणसांना माहीत होतं, तुला आणि त्याला. आणि तो माझ्यासमोर फाटकाशी उभा होता, आणि मी त्याला हसत हसत तुझा पत्ता लिहून दिला.

माझं मागचं पत्र तुला मिळालं असेल. पिकलेल्या केसांचा, मऊ बोलणारा कोणी कोट घेऊन आला तर दार उघडू नकोस. कोणालाच उघडू नकोस.

खालच्या दुकानात फोन लावला, नुसता वाजत राहिला. मग तुमच्या पोलीस चौकीत लावला. नाव सांगितलं, सगळी हकिकत सांगितली. पलीकडच्याने फोन बाजूला धरून बाकीच्यांना हाका मारल्या. माझा आवाज ओळखला होता. आपल्याशी खुद्द मालिकेतला खुनी बोलतोय याचं त्यांना कोण अप्रूप! मी रडकुंडीला येऊन सांगत होतो आणि तिकडे वाहवा चालली होती. शेवटी त्यांनी म्हातारीला ढकलतानाचं वाक्य म्हणून दाखवायची फर्माईश केली. मी परत परत सांगितलं की हे नाटक नाही. त्यावर तर आणखी हसले.

विमानात जागा नाही. आज संध्याकाळच्या गाडीने निघतो, परवा संध्याकाळी पोचेन. तोवर खिडकीत बसू नकोस. मी माझ्या जिभेला काय करू, ताई? जन्मभर खोटे खून केले आणि खऱ्याला तुझ्या दाराशी पाठवलं.

मी येईपर्यंत सांभाळ, एवढाच लोभ कर.

तुझा,
भित्रोबा


२४ ऑक्टोबर, दुपार

चि. भित्रोबास,
अ. उ. आ.

तुझं पत्र काल मिळालं. तू आज संध्याकाळी येणार, तरी हे लिहिते आहे, कारण हाताला काहीतरी काम हवं. तुझ्या हातातच देईन.

तो येऊन गेलेला आहे. तुझं फाटकाचं पत्र यायच्या दोन दिवस आधीच आला होता. कोट चांगला होता, कसर मात्र खरी होती. माझ्याकडे तोंड करून, सावकाश, एकेक शब्द सुटा करून बोलला. मला किती बरं वाटलं! लोक माझ्याशी ओरडून बोलतात, हा शहाणा दिसला. कोणी पाठवलं ते त्याने सांगितलं नाही आणि मी ओळखलंही नाही. इतकी वर्षं झाली, केस पिकले, आणि मी त्याचा चेहरा कधी धड पाहिलाच नव्हता. मग तुझं पत्र आलं. वाचलं आणि मांडीवर त्याचाच कोट होता.

चौकीत गेले होते. टेबलावरचा माणूस खाली बघून लिहीत बोलत राहिला, मला त्याचे ओठ दिसेनात. मी जेवढं बोलता येईल तेवढं बोलले. त्याने चिठ्ठी लिहून हातात दिली की ऐकू येणारं कोणी सोबत घेऊन या. परत येताना हा कोटवाला कोपऱ्यावर उभा. मला बघून हसून मान लववली. मीही लववली, दुसरं काय करणार?

परवा तो रफू कसं होतंय ते बघायला आला. मी दार उघडलं. उघडलं नसतं तर त्याला कळलं असतं की मला कळलंय. मी खाली मान घालून टाके घालत होते, तो माझ्या मागे जाऊन उभा राहिला. गिऱ्हाइकांसाठीचा उभा आरसा कोपऱ्यात आहे ना, तो त्याच्या ध्यानात आला नाही. त्याने माझ्या पाठीकडे बघत ओठ हलवले आणि मी ते आरशात वाचले. तो म्हणाला, "त्या दुपारी तुम्ही खिडकीत होतात."

बाळ, तू एवढी वर्षं पाठ बोलकी करायला शिकलास. मला माझी मुकी ठेवायची होती. हात थांबू दिला नाही, मान वर केली नाही, श्वाससुद्धा आधीसारखाच घेत राहिले. सुईत दोरा ओवायचा होता तो ओवला, आणि पहिल्याच खेपेला गेला. तो बराच वेळ उभा होता. मग समोर येऊन गोड हसला आणि दोन दिवसांनी कोट न्यायला येतो म्हणाला. गेल्यावर दार लावायला उठले तर बाहेर माझ्या चपला टाचा भिंतीला लावून ठेवलेल्या. मी खाली बसले ती बसूनच राहिले. लाज वाटायचं कारण नाही, भीती वाटली. फार वाटली. तुला आयुष्यभर भित्रोबा म्हणत आले त्याबद्दल मनातल्या मनात माफी मागितली.

दोन दिवस म्हणजे आज. कडी लावून

दिवा लागला.

तीनदा लागला. मी तशीच धावले, कडीला हात घातला. मला वाटलं, तुझी गाडी लवकर आली. मग थांबले. तुला स्वतःला माहीत नाही, पण तू कधीही सारख्या अंतराने दोरी ओढत नाहीस. घाईघाईने दोनदा ओढतोस, मग वाकून बुटाची नाडी सोडतोस आणि मग तिसऱ्यांदा. लहानपणी मीच रागावले होते ना, बूट घालून आत यायचं नाही म्हणून. आत्ता दिवा लागला तो शांतपणे, एक, एक आणि एक, मोजूनमापून. तो तू नाहीस.

कडी काढली नाही. मागे सरकत येऊन जमिनीवर बसले आहे आणि गुडघ्यावर कागद ठेवून लिहिते आहे. तीनदा ओढायचं तू त्याला सांगितलंस, त्यावरून तुझ्याशी मग भांडेन. पण निदान बुटाची नाडी सांगितली नसशील.

मला ऐकू येत नाही म्हणून इतकं वाईट कधी वाटलं नव्हतं. तो गेला की नाही ते कळत नाही. दाराखालच्या फटीत दोन पायांची सावली आहे. दार हलतंय, म्हणजे तो ढकलतोय. कडी जुनी आहे पण जाड आहे. मी शिवणाचं टेबल दाराला लावलं.

आता हलत नाही. सावली आहे.

सावली वाकली. फटीतून बोटं दिसली. तो माझ्या चपला सरळ करतोय.

सावली गेली. जिन्यात असेल, किंवा बाजूला सरून उभा असेल. मी उठणार नाही. ऊन खिडकीतून आरशापर्यंत आलं, आता भिंतीवर चढलंय. तुझी गाडी वेळेवर असू दे. तू जिन्यात एकटा येशील, अंधार पडत येईल, आणि जिन्यात तुझा हात धरायला मी नाही. हा विचार आल्यापासून माझ्यापेक्षा तुझीच जास्त काळजी वाटते.

दिवा.

दोन, लागोपाठ. थांबला.

एक.

उठते.


९ डिसेंबर

चि. भित्रोबास,
अ. उ. आ.

तू सुखरूप पोचल्याचं पत्र मिळालं. त्यात चार वेळा माफी मागितली आहेस, ती चारही वेळा परत पाठवते. तू त्याला माझ्या दाराशी आणलंस हे खरं. पण समोरच्या दाराशी त्याला तू आणलं नव्हतंस, आणि तिथून निघताना त्याला बघितलेली मी इतकी वर्षं इथेच बसले होते. आज ना उद्या हे माझ्याकडे येणारच होतं. तेव्हा आता रडगाणं पुरे.

त्या इन्स्पेक्टर बाई काल परत आल्या होत्या. तू त्यांना हाताला धरून इथवर आणलंस, चौकीत ते लोक तुझ्याबरोबर फोटो काढायला उभे असताना! ते आठवून हसू येतं आणि रागही येतो. पण बाई भल्या. पहिल्या दिवशी त्यांनी खुर्ची ओढली, उजेड त्यांच्या तोंडावर पडेल अशी माझ्यासमोर बसल्या आणि विचारलं, "तुम्ही काय पाहिलंत?" इतक्या वर्षांत हा प्रश्न मला कोणी विचारलाच नव्हता. मग जे बोलायला लागले ते त्यांच्या माणसाला लिहवेना.

तू त्यांच्यासमोर तो होऊन दाखवलंस ते मात्र अजून डोळ्यासमोरून जात नाही. मी सांगत गेले, खांदा जरा खाली, पाय घासू नकोस, कोपराने दार ओढ. तू एकेक गोष्ट अंगावर चढवत गेलास, आणि वाकून चपला थोपटून माझ्याकडे वळून बघितलंस तेव्हा मी ओरडले म्हणे. मला माझं ओरडणं ऐकू आलं नाही, पण तुझा चेहरा पडला ते दिसलं. तू पुन्हा तू झालास तेव्हा कुठे जीवात जीव आला. तुझं इतकं चांगलं काम मी पाहिलेलं नाही, आणि पुन्हा पाहायचं नाही. खुन्याची कामं सोडतो म्हणालास, ते तुझं तू ठरव. मीठ मात्र आता माझ्याकडे मागू नकोस.

तो अजून सापडलेला नाही. त्यांना एवढं कळलं की तो वाद्यं दुरुस्त करत गावोगाव फिरायचा आणि समोरच्या बाईंचं व्हायोलिन त्याच्याकडे जायचं. आणखी दोन गावांत एकट्या बायकांची अशीच प्रकरणं आहेत. त्यांचे फोटो इन्स्पेक्टर बाईंनी मला दाखवले. दोन्हींत दाराकडे बघितलं आणि पुढे काही विचारायची गरज राहिली नाही. कोट त्या घेऊन गेल्या. खाली दुकानात एक पोलीस बसवला आहे. दुकानदार परत आले, नात झाली, तेव्हा तो पोलीस दिवसभर बाळाचे कौतुकसोहळे ऐकतो आणि मला बघून सुटकेने हात करतो.

तू म्हणतोस, खोली मोठी घेतली आहे, ये. येणार नाही, रागावू नकोस. त्याची पाठ, त्याची चाल, त्याचा वाकलेला खांदा ओळखणारी मी एकटी आहे, आणि तो या रस्त्याने परत येणार हे मला जितकं ठाऊक आहे तितकं त्या बाईंना नाही. मी इथून उठले तर बघणार कोण? भीती वाटते. रोज वाटते. पण एवढ्या मोठ्या शहरात तुझ्या खोलीत बसून तो कुठे असेल याचा विचार करत राहण्यापेक्षा ही भीती परवडली.

एक नवी सवय लागली आहे, ती तुलाच सांगते. संध्याकाळी दार लावण्याआधी मी माझ्या चपला बाहेर मुद्दाम वाकड्यातिकड्या टाकते, एक इकडे, एक तिकडे. सकाळी उजाडलं की तोंड धुण्याआधी दार किलकिलं करून आधी त्याच बघते. आजपर्यंत वाकड्याच आहेत.

महिनाअखेरीला येशील तेव्हा त्यांना हात लावू नकोस, आणि दोरी तुझ्याच पद्धतीने ओढ. बुटाची नाडी सोडायला विसरलास तर दार उघडणार नाही, मग भले तू खरा असलास तरी.

लोभ दाराच्या आत ठेवला आहे, तो तुझाच आहे.

तुझी,
ताई